बाबा, तू काय लिहिलंस?

(गणेशोत्सव मेळाव्यातलं भाषण, संकेतस्थळासाठी थोडं संपादित)

नमस्कार मंडळी. मला विषय दिला होता ‘परदेशातला यशस्वी मराठी माणूस’. तो मी बाजूला ठेवतोय. उन्हाळ्यात साताऱ्याला जाऊन आलो, तेव्हापासून डोक्यात एकच वाक्य घोळतंय.

लेकीला कलेचा इतिहास शिकायचाय, पुढे संग्रहालयात नोकरी करायचीय. यावरून आमच्या ओसरीवर, आईसमोर, जे झालं त्याला मी चर्चा म्हणेन, शेजारी भांडण म्हणतील. मी म्हणालो, ‘‘परक्या देशात परक्यांची जुनी चित्रं झटकत बसणार?’’ ती म्हणाली, ‘‘हर्मान गोएट्झनं तेच केलं की.’’

मला वाटलं, कुणीतरी फुटबॉलवाला.

तर हा गृहस्थ जर्मनीतला, १८९८ चा जन्म. मोगल काळातल्या दरबारी पोशाखांवर त्यानं प्रबंध लिहिला. १९३६ मध्ये भारतात आला आणि पुढे बडोद्याचं संग्रहालय सांभाळू लागला. गायकवाडांचं बडोदं, म्हणजे पगार आपल्याच माणसांचा. १९५४ मध्ये दिल्लीत जयपूर हाऊसमध्ये आधुनिक कलेचं राष्ट्रीय संग्रहालय उघडलं, तेव्हा त्याचा पहिला प्रमुखही हाच. नव्या देशानं आपली नवी चित्रं एका परदेशी माणसाच्या हाती दिली! आई तांदूळ निवडता निवडता म्हणाली, ‘‘त्याच्या बापानं काय म्हटलं असंल?’’ माझी बाजू घेतली म्हणून मी खूश झालो. तर लगेच पुढे, ‘‘तू तरी जाताना मला कुठं विचारलंस?’’

दुसऱ्या दिवशी समेट म्हणून औंधला गेलो. यमाईच्या डोंगरावर निम्म्यात भवानी संग्रहालय, तुम्हाला माहीत आहेच. शाळेच्या सहलीत आपण तिथे डबा कुठे खायचा एवढंच बघितलं. औंधचे राजे बाळासाहेब पंतप्रतिनिधी यांनी १९३८ मध्ये बांधलेलं. तिथे हेन्री मूर या नामवंत इंग्रज शिल्पकाराचं माय-लेकराचं दगडी शिल्प आहे. आपल्या खटाव तालुक्यात! लेक त्याच्यासमोर जमिनीवर मांडी घालून बसली. दगडातलं पोर आईला कसं बिलगलंय ते वहीत काढत होती, खोडत होती, पुन्हा काढत होती. पाऊण तास. मी बाहेर पायरीवर ऑफिसच्या मेलना उत्तरं देत होतो. रजेवर असताना.

परत येताना गाडीत मी शेवटचं अस्त्र काढलं. म्हटलं, परदेशी माणूस इतिहास लिहितो तेव्हा काय होतं ते आम्हा सातारकरांना विचार. ग्रँट डफ! १८१८ नंतर इंग्रजांनी साताऱ्याच्या प्रतापसिंह महाराजांच्या डोक्यावर बसवलेला रेसिडेंट, त्यानं मराठ्यांचा इतिहास लिहिला. त्याच्या चुका दाखवायला १८६७ मध्ये नीळकंठराव कीर्तन्यांना, ऐन तरुणपणी, लेखणी उचलावी लागली. बराच वेळ बोललो. मोती चौकात पेढ्यांसाठी थांबलो तेव्हा ती म्हणाली, ‘‘पण चुका काढायला आधी कुणी लिहावं लागतं ना? तो इथे चार-पाच वर्षं राहिला आणि १८२६ मध्ये तीन खंड छापले. तू तिकडे तेवीस वर्षं आहेस, बाबा. तू काय लिहिलंस?’’

मंडळी, मी आठवून पाहिलं. पार्किंगबद्दलच्या तक्रारी लिहिल्यात. आणि गेल्या वर्षीची मोदकांची यादी, तीही चुकली होती.

हसताय, पण तुमचं काय? या गावचं संग्रहालय आपल्यातल्या कितीजणांनी पाहिलंय? पाहुणे आले आणि प्रवेश फुकट असला, तरच. इथल्या वाचनालयाच्या समितीवर दोन जागा रिकाम्या आहेत, मीच इथे सूचना लावली होती. एकही नाव आलं नाही. ढोल कुठे ठेवायचे यावर मात्र तीन बैठका! डफ राज्य करायला आला होता, त्याची गोष्ट सोडा. पण गोएट्झ परक्या देशात नोकरी करत होता, तुमच्या-माझ्यासारखा.

एवढं बोलतोय म्हणून मला पटलंय असं समजू नका. त्या शिक्षणाला लागणारा पैसा मी मोजलाय, त्या नोकऱ्यांचे पगारही बघितलेत, रात्री दोन वाजता. आणि एक भीती निराळीच आहे. लेक इथल्यांचं सगळं जिवापाड सांभाळेल. आजीच्या ट्रंकेतले मोडीतले कागद कोण वाचणार? मला तर येत नाही.

कर्जाचा फॉर्म फ्रिजवर लावलाय, त्यावर माझी सही हवी आहे. शुक्रवारची मुदत आहे. रोज दूध काढताना दिसतो.

मागून खुणा चालल्यात, पुऱ्या गार होतायत म्हणे. थांबतो.