हुजऱ्याच्या खिशातलं मेण

पडद्यावर पँटला इस्त्री करणारे हे हात नटाचे आहेत. काम मात्र खरंच असं चालायचं. तुर्कस्तानातलं अंकारा, 1943. ब्रिटिश राजदूत सर ह्यू नॅचबुल-ह्यूगेसन यांचे कपडे सांभाळणारा हुजऱ्या, आणि जर्मनांचा हेर, एलियेसा बाझना.

हेरकथेतला नोकर ट्रे घेऊन दाराशी घुटमळतो आणि पहिल्या पाच मिनिटांत आपल्याला त्याचा संशय येतो. बाझनाला घुटमळायची गरजच नव्हती. साहेबांच्या झोपायच्या खोलीत तो नसता, तरच हाक मारली गेली असती. कौटिल्याला हे पक्कं ठाऊक होतं. स्वयंपाकी, आंघोळ घालणारे, अंथरूण घालणारे, अशांच्या वेषात हेर पेरा, असं अर्थशास्त्रात स्पष्ट लिहिलंय.

आता किल्ली बघा, अगदी जवळून. बाझनाने आठवणींत सांगितलंय की साहेब न्हाणीघरात असताना त्याने कागदांच्या पेटीच्या किल्ल्यांचे ठसे मेणात घेतले. किल्लीच्या खाचेत मेणाचा एवढासा कण राहिला, तरी घात. म्हणून हे पुसणं. मग बनावट किल्ली, लायका कॅमेरा, शंभर वॅटचा दिवा. पान सपाट करायचं, खटका दाबायचा, पुढचं पान. कागद जिथल्या तिथे, आणि कडक इस्त्रीचा सूट हँगरवर. या दृश्याला आम्ही मुद्दाम संगीत दिलेलं नाही.

26 ऑक्टोबर 1943 च्या रात्री तो जर्मन वकिलातीत गेला. दोन रोल, किंमत 20,000 पौंड. जर्मन राजदूत फ्रान्झ फॉन पापेन यांनी त्याचं टोपणनाव ठेवलं, 'सिसेरो'.

1952 साली हॉलिवुडने त्याच्यावर 'फाइव्ह फिंगर्स' काढला. जेम्स मेसन हुजऱ्याच्या भूमिकेत, जोडीला एक काउंटेस. आम्हाला काउंटेस नको होती, इस्त्री हवी होती.

बर्लिनमध्ये या कागदांवर धड विश्वासच बसला नाही, काही महिन्यांत सगळं आटोपलं, आणि बाझनाला मिळालेले बहुतेक पौंड नकली निघाले. नाझींनी साक्सेनहाउझेन छळछावणीतल्या कैद्यांकडून छापून घेतलेले.

ही नोट त्याच छपाईची. उजेडात धरली की जलचिन्हसुद्धा दिसतं.