ओटा दोन फूट पुढे

नमस्कार श्रोतेहो.

आधी एक फरशी येते. मग तिची पायरी होते, पायरीचा ओटा होतो आणि एके दिवशी ओट्यावर पत्र्याची शेड उभी राहते. तुम्ही हटकलंत की शेजारी विचारतो, "तुझ्या बापाची जागा आहे का?" प्रश्न उर्मट खरा, पण कोर्टातही पहिल्यांदा हेच विचारतात. रस्त्याची जागा तुमच्या बापाची नाही, तशी त्याच्याही नाही. मग भांडायचं कोणत्या नात्यानं?

ओट्यामुळे तुमच्याच दारात गाडी वळत नसेल, तुमच्याच भिंतीत पाणी मुरत असेल, तर ते तुमचं विशेष नुकसान. त्यासाठी एकट्यानं दिवाणी दावा लावता येतो. तसं काही नसेल आणि रस्ता अख्ख्या आळीला अरुंद झाला असेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम 91 आहे. किमान दोघांनी कोर्टाची परवानगी घेऊन दावा लावायचा. नेमका हा दुसरा माणूस मिळत नाही. चहाच्या टपरीवर सगळे तुमच्या बाजूचे असतात, सहीच्या वेळी कुणाला शेत आठवतं, कुणाला लग्न.

म्हणून खेड्यात आधी ग्रामपंचायतीकडे जावं. 1958 च्या ग्रामपंचायत अधिनियमातल्या कलम 53 प्रमाणे सार्वजनिक रस्त्यावरचं अतिक्रमण काढायचा अधिकार पंचायतीला आहे. पंचायत ढिम्म बसली तर जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज करता येतो. अर्ज लेखी द्यावा आणि पोच घ्यावी. सरपंचांच्या कानावर घातलं होतं, याला पुढे कुणी विचारत नाही. आणि अतिक्रमण खुद्द सदस्याचंच असेल तर त्याचं सदस्यपद जाऊ शकतं. घर सासऱ्यांनी बांधलंय, मी नुसता राहतो, ही सबब सर्वोच्च न्यायालयाने 2018 साली मोडीत काढली.

समोरच्याचं हुकमी उत्तर असतं, "बारा वर्षं झाली, आता माझंच." हे बारा वर्षांचं गणित खाजगी जमिनीचं. सार्वजनिक रस्त्याचा ताबा परत मागायला स्थानिक संस्थेला 1963 च्या मुदत कायद्यानं 30 वर्षं दिली आहेत, सरकारी जमिनीसाठी सरकारलाही तितकीच. दुसरं उत्तर, "घरपट्टी भरतो की!" घरपट्टी बांधकामावर बसते, तिच्या पावतीनं खालची जमीन नावावर होत नाही. तिसरं, "पैसे भरून नियमित करून घेऊ." 2011 मध्ये पंजाबातल्या एका गावतळ्यावरच्या घरांचं प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. बाजारभावानं रक्कम घेऊन ती घरं कायम करायची परवानगी सरकारनं दिली होती. न्यायालयाने ती मानली नाही, उलट ग्रामसभेच्या जमिनींवरची अतिक्रमणं काढायची योजना आखा, असं सगळ्या राज्यांना सांगितलं. भूमिहीनांना दिलेले पट्टे किंवा शाळा, दवाखाना अशा अपवादांना तेवढी जागा ठेवली.

आता मोजणी. माझ्या एका अशिलाने शेजाऱ्याच्या ओट्यासाठी हौसेनं मोजणीचे पैसे भरले. भूकरमापक आले, नकाशा पसरला, हद्दीच्या खुणा केल्या. शेजाऱ्याचा ओटा दोन फूट रस्त्यात निघाला. अशील माझ्याकडे बघून हसला. मापक काही थांबले नाहीत, त्यांनी टेप तशीच पुढे ओढली. अशिलाचा जिना सव्वा फूट रस्त्यात होता. "जिना वडिलांच्या वेळचा आहे हो," तो म्हणाला. पलीकडून शेजारी म्हणाला, "माझा ओटाही वडिलांच्याच वेळचा."

पंचनाम्यावर दोघांच्या सह्या झाल्या. पुढच्या आठवड्यात अशील माझ्याकडे आला, तो जिना वाचवायला काय करता येईल हे विचारायला. ओट्याचं नावही त्यानं काढलं नाही.

नमस्कार.