खाणकामगाराच्या पोरीचं गाणं

श्रोतेहो, नमस्कार.

आज मी ज्या बाईविषयी बोलणार आहे, तिला घराघरांत पोहोचवलं रेडिओनं, आणि पुढं तिच्याच एका गाण्याला दारं बंद केली तीही रेडिओ केंद्रांनी. तिचं नाव लोरेटा लिन. अमेरिकेत 'कंट्री' म्हणून कष्टकऱ्यांच्या घरांतून, शेतांतून आलेलं जे संगीत आहे, त्यातली ही गायिका आणि गीतकार.

लोरेटाचा जन्म 14 एप्रिल 1932 चा, केंटकी राज्यातल्या बुचर हॉलो नावाच्या डोंगरघळीतला. आठ भावंडांत ती दुसरी. वडील टेड वेब कोळशाच्या खाणीत कामाला होते. घरात वीज नव्हती. आई घराच्या भिंतींना मासिकांची पानं चिकटवायची. त्या पानांवर लोरेटा यंग या सिनेनटीची चित्रं होती, तिच्यावरून मुलीचं नाव ठेवलं. पण घरात बॅटरीवर चालणारा एक रेडिओ होता. शनिवारी रात्री नॅशव्हिलहून 'ग्रँड ओल ऑप्री' हा गाण्यांचा कार्यक्रम लागायचा आणि सगळं घर त्याच्याभोवती जमायचं.

जानेवारी 1948 मध्ये तिचं लग्न झालं. तेव्हा ती तेरा वर्षांची होती असं अनेक ठिकाणी छापलं गेलंय, तीही तसंच सांगायची. पण नोंदींवरून तिचं वय पंधरा होतं. पंधरा तरी काय वय आहे लग्नाचं? नवरा ऑलिव्हर, ज्याला सगळे डूलिटल म्हणत, तिला घेऊन देशाच्या पार दुसऱ्या टोकाला, वॉशिंग्टन राज्यात कामधंद्यासाठी गेला. विशी गाठेपर्यंत चार मुलं झाली. ती घरकाम करता करता मुलांना गाणी म्हणायची. ते ऐकून नवऱ्यानं तिला 17 डॉलरची एक गिटार आणून दिली. शिकवायला कुणी नव्हतं. तिचं तीच शिकली आणि स्वतःची गाणी रचू लागली.

1960 साली तिची पहिली तबकडी निघाली. कंपनी छोटी, जाहिरातीला पैसा नाही. मग हे नवरा-बायको गाडी काढून निघाले. वाटेत जे रेडिओ केंद्र लागेल तिथं थांबायचं, लोरेटानं गाडीतच कपडे बदलून आत जायचं, निवेदकाला तबकडी द्यायची आणि वाजवायची विनंती करायची. जेवण म्हणजे सँडविच, झोपायचं गाडीतच. त्या वणवणीमुळे ते गाणं देशभरच्या कंट्री गाण्यांच्या यादीत चौदाव्या क्रमांकापर्यंत चढलं, आणि लहानपणी जो कार्यक्रम कान देऊन ऐकला त्याच ऑप्रीच्या मंचावर ती त्याच वर्षी उभी राहिली. वडील मात्र आदल्याच वर्षी गेले होते, फुफ्फुसांत खाणीतली धूळ घेऊन. लेकीचं गाणं रेडिओवर लागलेलं त्यांना ऐकायला मिळालं नाही, याची मला फार हळहळ वाटते.

1961 मध्ये तेव्हाची मोठी गायिका पॅट्सी क्लाइन मोटार अपघातात जबर जखमी होऊन इस्पितळात होती. लोरेटानं नॅशव्हिलमधल्या एका मध्यरात्रीच्या थेट प्रसारणात पॅट्सीचंच गाणं तिच्यासाठी गायलं. पॅट्सीनं ते खाटेवरून ऐकलं आणि नवऱ्याला सांगितलं, त्या मुलीला माझ्याकडे घेऊन ये. दोघींची मैत्री जुळली ती अशी. 1963 च्या मार्चमध्ये विमान अपघातात पॅट्सी गेली. पुढच्या वर्षी लोरेटाला जुळ्या मुली झाल्या, त्यातल्या एकीचं नाव तिनं पॅट्सी ठेवलं.

लोरेटाची गाणी घरातली होती. नवरा पिऊन रात्री उशिरा येतो, तर तसं येऊन प्रेमाची अपेक्षा करू नकोस, असं बजावणारं गाणं तिनं बहीण पेगी स्यूबरोबर लिहिलं. 1967 मध्ये ते तिचं पहिलं अव्वल क्रमांकाचं कंट्री गाणं ठरलं. हे नुसतं कल्पनेतलं नव्हतं. डूलिटल प्यायचा, बाहेरख्यालीही होता, दोघांत मारामाऱ्या व्हायच्या. त्यानं एक मारली तर मी दोन परत द्यायचे, असं ती उघड सांगायची. गिटार आणून देणारा आणि तबकड्या घेऊन दारोदार फिरणाराही हाच माणूस. तो 1996 मध्ये वारला तोवर संसार टिकला. त्या गिटारीमुळे बाकीचं माफ होतं असं मला वाटत नाही. लोरेटानंही त्याला देव केलं नाही आणि राक्षसही केलं नाही. जे झालं ते गाण्यात मांडलं.

1970 साली 'कोल मायनर्स डॉटर', म्हणजे 'खाणकामगाराची पोर', हे तिचं गाणं आलं. आईची धुण्याच्या फळीवर रक्ताळलेली बोटं, वडिलांची खाणीतली रात्रपाळी, तिनं सगळं जसंच्या तसं लिहिलं. मूळ गाणं इतकं लांब होतं की ध्वनिमुद्रणाच्या वेळी काही कडवी गाळावी लागली. 1972 मध्ये कंट्री म्युझिक असोसिएशननं वर्षातली सर्वोत्तम कलावंत म्हणून तिला निवडलं; हा मान मिळवणारी ती पहिली स्त्री.

आणि मग 1975 मध्ये 'द पिल'. शब्द दुसऱ्यांचे, पण आवाज आणि धाडस तिचं. वर्षानुवर्षं बाळंतपणात अडकलेली बायको नवऱ्याला सांगते, आता माझ्याकडे गर्भनिरोधक गोळी आहे. अनेक रेडिओ केंद्रांनी ते वाजवायला नकार दिला, चर्चमधून निषेध झाला. तरी ते कंट्रीच्या यादीत पाचवं आलं. खेड्यांतल्या डॉक्टरांनी आपलं अभिनंदन केलं, आमच्या माहितीपत्रकांनी झालं नाही ते या गाण्यानं केलं असं ते म्हणाले, असं ती सांगायची. सहा मुलांच्या आईच्या तोंडून ते गाणं ऐकताना बायकांना काय वाटलं असेल, ते वेगळं सांगायला नको.

4 ऑक्टोबर 2022 रोजी, नव्वदाव्या वर्षी, टेनेसीतल्या राहत्या घरी तिचं निधन झालं. तिला ऐकायचं असेल तर माझं सांगणं असं, की सुरुवात 2004 च्या 'व्हॅन लीअर रोझ' या तिच्या अल्बमपासून करा. तेव्हा ती बहात्तरीत होती आणि निर्माता जॅक व्हाइट तिच्याहून चाळीसहून अधिक वर्षांनी लहान. जवळजवळ सगळी गाणी तिनं स्वतः लिहिलेली. त्याला संगीतातले मानाचे दोन ग्रॅमी पुरस्कार मिळाले. त्यानंतर साठच्या दशकातल्या जुन्या तबकड्यांकडे या आणि तिचे उच्चार कान देऊन ऐका. नाव झालं, पैसा आला, तरी बुचर हॉलोची बोली तिनं कधी सोडली नाही.