साल्झबर्ग: पुस्तकं हातात घेऊन

[दृश्य: साल्झाख नदीवरचा पादचारी पूल, मागे होहेनसाल्झबर्गचा किल्ला]

ऑस्ट्रियातल्या साल्झबर्गबद्दलचं एक वाक्य गेली दीडशे वर्षं फिरतंय. साल्झबर्ग, नेपल्स आणि कॉन्स्टँटिनोपल हे पृथ्वीवरचे सगळ्यांत सुंदर प्रदेश आहेत, असं म्हणे थोर निसर्गशास्त्रज्ञ आलेक्झांडर फॉन हुम्बोल्ट म्हणाले होते. माहितीपत्रकांत, मार्गदर्शिकांत, हॉटेलांच्या जाहिरातींत ते छापलं जातं. हुम्बोल्ट इथे राहिले होते, हे खरं आहे. १७९७-९८ चा हिवाळा त्यांनी या शहरात हवामानाच्या नोंदी घेत काढला. पण हे वाक्य त्यांच्या लेखनात सापडत नाही. एकानं छापलं, दुसऱ्यानं उचललं, असं करत करत ते खरं होऊन बसलं.

साल्झबर्गवर छापलेलं वाचायला घेताना हे ध्यानात ठेवलेलं बरं. हे शहर स्वतःची स्तुती फार आवडीनं ऐकतं. मला मात्र ते समजलं ते त्याच्याशी भांडलेल्या माणसांच्या पुस्तकांतून.

[दृश्य: रेल्वे स्थानक, उतरणारे प्रवासी]

१८६० साली व्हिएन्ना आणि म्युनिक या दोन्ही बाजूंनी रेल्वे इथे येऊन मिळाली आणि प्रवाशांचा ओघ सुरू झाला. त्यांच्या हातात लाल बांधणीची ‘बेडेकर’ ही जर्मन मार्गदर्शिका असायची. कुठे उतरावं, कुठली वास्तू चुकवू नये, सगळं त्यात. जे पाहायलाच हवं त्याला तारा. या मार्गदर्शिकांनी प्रवाशाला वाटाड्याच्या मर्जीतून सोडवलं, हे त्यांचं मोठंच काम. पण ताऱ्यांच्या मागे जाणारा माणूस ज्याला तारा नाही त्याच्यासमोर थांबत नाही.

[दृश्य: म्योन्क्सबर्गचा कडा, त्याला बिलगून उभी घरं]

हा कडाच घ्या. १६६९ च्या जुलैमध्ये एका रात्री याचा मोठा भाग खालच्या वस्तीवर कोसळला आणि दोनशेहून जास्त माणसं गेली. आजही दरवर्षी दोराला लटकून कामगार हा कडा तपासतात, सुटे झालेले दगड काढून टाकतात. शहराच्या नोकरीतली, पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेली ही जागा आहे. त्या माणसांना एकदा लटकलेलं पाहिलं, की खालच्या देखण्या गल्लीकडे पाहायची नजर बदलते.

[दृश्य: गेट्राइडेगासे, क्रमांक ९ चं पिवळं घर]

या घरात २७ जानेवारी १७५६ रोजी संगीतकार मोझार्टचा जन्म झाला. दारात कायम गर्दी. आत शिरण्याआधी मोझार्ट कुटुंबाची पत्रं वाचलेली असावीत, असं मला मनापासून वाटतं. कारण या घरात लोक ज्या मोझार्टला शोधतात, त्याला हे शहर सोसवत नव्हतं.

त्या काळी साल्झबर्ग ऑस्ट्रियाचा भाग नव्हतं. इथला आर्चबिशप हाच धर्मगुरू आणि हाच राजा. मिठाच्या खाणींनी त्याची तिजोरी भरलेली. शहरातले घुमट, कारंजी, प्रशस्त चौक, सगळं त्या पैशातून उभं राहिलेलं. आणि संगीतकार म्हणजे दरबारचे नोकर. कुटुंबाच्या पत्रांत जागोजागी सांकेतिक लिपी आहे, कारण पत्रं फोडून वाचली जातात, अशी बापलेकांना धास्ती होती. १७८१ मध्ये आर्चबिशप कोलोरेडोच्या लवाजम्याबरोबर व्हिएन्नात असताना मोझार्ट वडिलांना कळवतो, की जेवणाच्या टेबलावर खासगी सेवकांची जागा माझ्या वर, आणि आचाऱ्यांच्या वर मात्र मी. त्याच वर्षी नोकरी सुटली, ती दरबारातल्या एका सरदारानं लाथ घालून हाकलल्यावर. पुढे १७८३ मध्ये तो बायकोला घेऊन इथे येऊन गेला. ती शेवटची भेट.

या पत्रांत अपमान आहे, घरच्यांची थट्टामस्करी आहे, बापाची काळजी आहे, पैशांचे हिशोब आहेत. गल्लीतल्या दुकानांत मोझार्टचं चित्र असलेली चॉकलेटं विकायला आहेत. ती जरूर खा. पण ती पत्रं वाचलेल्याला हे घर फार वेगळं दिसतं.

[दृश्य: लिन्झरगासेतली कमान, कापुझिनरबर्गची चढण]

आता नदीच्या उजव्या तीरावर. या कमानीतून वर जाणारी वाट दमवणारी आहे. वाटेत ख्रिस्ताच्या अखेरच्या प्रवासाचे प्रसंग दाखवणारी छोटी देवळं लागतात. वर, झाडांमागे एक पिवळसर घर आहे. १९१९ पासून ऑस्ट्रियन लेखक स्टीफन झ्वाइग तिथे राहिले.

त्यांचं ‘कालचं जग’ हे आत्मकथन साल्झबर्गला जाणाऱ्या प्रत्येकानं वाचावं. पहिल्या महायुद्धानंतरची या शहराची दशा त्यात जशी दिसते, तशी मी दुसरीकडे कुठे वाचलेली नाही. घराचं छप्पर गळतंय, सरपण नाही, लेखक अंथरुणात बसून थंडीनं निळ्या पडलेल्या बोटांनी लिहितोय. ऑस्ट्रियाचं चलन कोसळलं, तेव्हा सीमेपलीकडच्या जर्मनीतले बव्हेरियन लोक स्वस्तातली बिअर ढोसायला लोंढ्यांनी यायचे आणि स्थानकावर त्यांना उचलून डब्यात भरावं लागायचं. पुढे जर्मन मार्क बुडाला आणि बिअरसाठीचा लोंढा उलटा वाहू लागला. महागाईवरचे जाडजूड ग्रंथ जे सांगतात, ते झ्वाइग या एका प्रसंगात दाखवून देतात.

मग बरे दिवस आले. २२ ऑगस्ट १९२० रोजी कॅथीड्रलसमोरच्या चौकात ‘येडरमान’ या नाटकाचा प्रयोग झाला आणि साल्झबर्ग महोत्सव सुरू झाला. रोमाँ रोलाँ, थॉमस मान, जेम्स जॉइस, राव्हेल, बार्टोक ही सगळी माणसं या टेकडीवरच्या घरी येऊन गेली. आणि ज्या गच्चीतून झ्वाइग आल्प्सची शिखरं पाहत, त्याच दिशेला समोर बेर्खटेसगाडेनचा डोंगर होता. तिथे हिटलर राहायला आला होता.

१९३४ च्या फेब्रुवारीत पोलिसांनी या घराची झडती घेतली. म्हणे शस्त्रं लपवली आहेत. युद्धाविरुद्ध आयुष्यभर लिहिणाऱ्या माणसाच्या घरात शस्त्रं! झ्वाइग यांनी लगेच सामान बांधलं आणि लंडन गाठलं. ते आत्मकथन त्यांनी पुढे परदेशात लिहिलं, स्वतःचा ग्रंथसंग्रह, पत्रं, टिपणं यांपैकी काही हाताशी नसताना. फेब्रुवारी १९४२ मध्ये ब्राझीलमध्ये त्यांनी आणि पत्नीनं जीवन संपवलं. पुस्तक त्याच वर्षी स्टॉकहोममध्ये छापलं गेलं.

[दृश्य: रेसिडेन्झप्लात्झ, घोडागाड्या, कारंजं]

३० एप्रिल १९३८. ऑस्ट्रिया जर्मनीत सामील होऊन दोन महिनेही झाले नव्हते. या चौकात हजारावर पुस्तकं जाळली गेली. त्यांत झ्वाइग यांचीही होती. पुढाकार शिक्षकांच्या नाझी संघटनेचा, आणि शाळकरी मुलांना त्यात उतरवलेलं. हे लिहिताना आजही हात जड होतो. या घटनेचं स्मारक इथे उभं राहायला २०१८ साल उजाडावं लागलं.

[दृश्य: डोंगरमाथे, पर्यटकांची बस]

आपल्याकडून येणाऱ्या सहलींना साल्झबर्ग बहुतेक ‘द साउंड ऑफ म्युझिक’मुळे ठाऊक असतं. मिराबेल बाग, गाणं, फोटो. हा सिनेमा ज्यांच्या आयुष्यावर बेतला, त्या मारिया फॉन ट्रॅप यांनी आपली हकिगत १९४९ मध्ये पुस्तकरूपात लिहिली, ती सिनेमापेक्षा खूप साधी आहे. ते कुटुंब सिनेमातल्यासारखं डोंगर ओलांडून पळालं नाही, सरळ आगगाडीत बसून इटलीला गेलं. इथून डोंगर ओलांडला तर माणूस जर्मनीत उतरतो!

[दृश्य: कॅथीड्रलचं प्रवेशद्वार, जाळीवरचे तीन आकडे]

दाराच्या जाळीवर तीन सनं आहेत. ७७४, १६२८, १९५९. या मंदिराच्या तीन प्रतिष्ठापनांची वर्षं. तिसरं वर्ष इतकं अलीकडचं का, हे ऑस्ट्रियन लेखक थॉमस बर्नहार्ड वाचल्यावर अंगावर येतं.

१६ ऑक्टोबर १९४४ रोजी शहरावर पहिला मोठा हवाई हल्ला झाला आणि कॅथीड्रलचा घुमट कोसळला. तेरा वर्षांचा बर्नहार्ड तेव्हा श्रान्नेनगासेतल्या वसतिगृहात होता. १९७५ मध्ये आलेल्या ‘कारण’ या आत्मकथनाच्या पहिल्या खंडात तो ते दिवस सांगतो. डोंगरात खोदलेल्या बोगद्यांतली कोंडलेली हवा. बूट ठेवायच्या खोलीत एकट्यानं व्हायोलिन वाजवणारा, मरणाचा विचार करणारा मुलगा. हल्ल्यानंतर रस्त्यात बाहुलीचा हात समजून तो ज्यावर पाय देतो, तो एका मुलाचा तुटलेला हात असतो. युद्ध संपल्यावर तेच वसतिगृह कॅथलिक होतं आणि हिटलरची तसबीर निघालेल्या जागी क्रूस लागतो. भिंत तीच, मुलांना धाकात ठेवायची रीतही तीच, असं तो म्हणतो.

या पुस्तकावर एका धर्मगुरूनं बदनामीचा दावा लावला आणि काही मजकूर गाळावा लागला. बर्नहार्डची वाक्यं परिच्छेद न मोडता पानंच्या पानं धावतात, तोच आरोप पुन्हा पुन्हा करत. त्याचा राग कधी कधी अन्यायाचा होतो, हेही मी म्हणेन. इतक्या देखण्या गावात चांगली माणसंही राहिली असतील. पण त्याच्याइतकं बारकाईनं हे शहर कुणी पाहिलेलं नाही, आणि ज्या गोष्टीबद्दल काहीच वाटत नाही, तिच्यावर माणूस इतकं लिहीत नाही.

[दृश्य: सेबास्टियन दफनभूमी, कमानींचा व्हरांडा]

एक कप्पा अजून उरतो, शहराबाहेरच्या डोंगराळ खोऱ्यांचा. १७३१ च्या ऑक्टोबरात आर्चबिशप फिर्मियानानं प्रोटेस्टंट प्रजेला देश सोडायचा हुकूम दिला. वीस हजारांहून जास्त शेतकरी, मजूर, खाणकामगार भर थंडीपासून चालू लागले. बरेच पूर्व प्रशियात वसले. जर्मन कवी गटेच्या ‘हेर्मान आणि डोरोथेआ’ या काव्याचं कथाबीज याच निर्वासितांच्या हकिगतीतलं, फक्त त्यानं ते फ्रेंच राज्यक्रांतीच्या काळात नेलं. शहराच्या मार्गदर्शिकांत या लोकांना मुश्किलीनं एखादा परिच्छेद मिळतो.

वाचायचा क्रम विचाराल तर माझा असा आहे. निघण्यापूर्वी मोझार्टची पत्रं, निवडक चालतील. झ्वाइग प्रवासात, कारण ते पुस्तक हातातून सुटत नाही. बर्नहार्ड मात्र इथे येऊन वाचा, दिवसाला वीसेक पानं, आणि वाचून झालं की श्रान्नेनगासेतून चालत नदी ओलांडून कॅथीड्रलपर्यंत जा. पुस्तक सोबत आणायचं राहिलं असेल तर सिग्मुंड-हाफ्नर-गासेमध्ये ह्योलरिग्ल हे दुकान आहे. १५९४ पासूनचं, ऑस्ट्रियातलं सर्वांत जुनं पुस्तकांचं दुकान.