पडद्यावरचे बोलके फुगे

श्रोतेहो, नमस्कार. आज बोलायचंय ते फुग्यांबद्दल. व्यंगचित्रातल्या पात्राच्या तोंडाशी असतो ना, तो संवादाचा फुगा!

1913 मध्ये अमेरिकेत, न्यू जर्सीतल्या फोर्ट ली इथे, एमिल कोल हा फ्रेंच कलावंत जॉर्ज मॅकमॅनसची ‘द न्यूलीवेड्स’ ही वर्तमानपत्री चित्रमालिका पडद्यावर हलती करू लागला. कल्पना फायद्याची होती. पात्रं घरोघरी माहीत, त्यामुळे प्रेक्षक आयताच. पण सिनेमा मूक, मग बोलायचं कसं? अनेकांनी कागदावरचा फुगाच उचलून पडद्यावर आणला.

कागदावर फुगा वाचकाच्या सवडीनं वाचला जातो. पडद्यावर मात्र धावणारं पात्र मध्येच थबकायचं, तोंडाजवळ फुगा उमटायचा, अन् थिएटरमधल्या शेवटच्या माणसाचं वाचून होईपर्यंत सगळे खांबासारखे उभे! हातघाईवर आलेलं भांडणसुद्धा ताटकळायचं.

म्हणूनच मला ‘मट अँड जेफ’ भारी वाटतात. मट उंच, किडकिडीत. जेफ बुटका, टकला. शेजारी उभे राहिले की निम्मा विनोद झाला. 1916 पासून राऊल बारे आणि चार्ल्स बावर्स न्यूयॉर्कच्या ब्राँक्स भागात त्यांच्या फिल्म्स काढत. बारेची युक्ती ऐका: देखावा एकाच कागदावर काढायचा, पात्र हलणार असेल तेवढा भाग फाडून टाकायचा आणि खालच्या कागदावरचं पात्र त्यातून दिसू द्यायचं. कागद हलू नयेत म्हणून त्यांना भोकं पाडून खुंट्यांवर बसवायचे. घाम या मंडळींचा, नाव मात्र मूळ चित्रकार बड फिशरचं. गडी हुशार! 1907 मध्येच त्यानं आपल्या चित्रमालिकेवर स्वतःच्या नावानं कॉपीराइट लिहून ठेवला होता.

जॉर्ज हेरिमनच्या ‘क्रेझी कॅट’चं तसं जमलं नाही. उंदीर वीट फेकतो आणि मांजराला ते प्रेम वाटतं. यातली गंमत हेरिमनच्या वाकड्यातिकड्या भाषेत होती, चौकटीगणिक बदलणाऱ्या त्याच्या वाळवंटात होती. 1916 मध्ये वर्तमानपत्रसम्राट हर्स्टच्या स्टुडिओनं त्यावर फिल्म्स काढल्या. त्यांत वीट आली, वेड हरवलं.

हर्स्टनं 1918 मध्ये हा स्टुडिओ बंद केला. तिथे उमेदवारी केलेला वॉल्टर लँट्झ पुढे वुडी वुडपेकरचा निर्माता झाला. त्या सुतारपक्ष्याला ओळखायला तर चित्राचीही गरज नव्हती; नुसतं खिदळणं पुरे. नमस्कार!