तिसरं बटण : एत्सुको शिहोमीची गोष्ट

हा शर्ट नीट बघा, वरून तिसरं बटण. ते उघडलं की स्फोट, कारण हिच्या अंगात छोटा हायड्रोजन बॉम्ब बसवलाय! म्हणजे सिरीयलमध्ये हो. जपानी टीव्हीवर १९७३-७४ ला लहान मुलांसाठी 'किकायडा झीरो वन' लागायची, त्यातली ही मारी, रूप बदललं की बिजिंडा, हिरोला संपवायला बनवलेली रोबो आणि मग शेवटी त्याच्याच बाजूने लढणारी.

मारीचं काम करणारी ही एत्सुको शिहोमी. जन्म १९५५, ओकायामाची. अ‍ॅक्शन स्टार सोनी चिबाची फॅन, आणि चिबाने १९७० ला जपान अ‍ॅक्शन क्लब काढला होता, तिथे जाऊन ही शिकली. पडायचं कसं, लाथ कुठपर्यंत न्यायची, सगळं तिथलंच.

१९७४ ला तोएई या जपानी फिल्म कंपनीला कराटेपटासाठी हिरोईन हवी होती. आधी हाँगकाँगच्या अँजेला माओचं नाव चाललेलं, ते जमलं नाही आणि रोल आला हिच्याकडे, वय १८. गोष्ट साधी, भाऊ योकोहामात गायब झालाय, बहीण शोधायला येते आणि मग समोर येईल त्याला तुडवते. बाहेरच्या देशांत सिनेमाला नाव दिलं 'सिस्टर स्ट्रीट फायटर', म्हणजे चिबाच्या 'स्ट्रीट फायटर'ची बहीणच जणू, पण पिक्चरमध्ये तसलं काही नातंच नाहीये! मूळ जपानी नावात सिस्टर वगैरे नाहीच, 'ओन्ना हिस्सात्सुकेन' आहे, म्हणजे बाईचा प्राणघातक ठोसा. मला विचाराल तर हेच नाव बरोबर.

फाईट बघताना तिचे पाय बघा, नानचाकूकडे (साखळीने जोडलेल्या दोन दांड्या) नंतर. लाथ मारून झाली की पाय जमिनीवर टेकायच्या आत नजर पुढच्या माणसावर गेलेली असते. स्टोरीत ढिगाने गडबडी आहेत, तिकडे दुर्लक्ष करा.

पुढे सीक्वेल आले, मग १९७८ ला 'मेसेज फ्रॉम स्पेस'मध्ये राजकन्या, १९८३ ला 'सातोमी हाक्केन्देन'मध्ये आठ योद्ध्यांपैकी एक, दोन्ही दिग्दर्शक किंजी फुकासाकूचे.

आणि १९८६ च्या डिसेंबरात तोरासानच्या पिक्चरमध्ये ती आली, अख्ख्या जपानची लाडकी सिरीज ही, तिथे मारामारीचं कामच नव्हतं. सोबत होता गायक त्सुयोशी नागाबुची. पुढच्याच वर्षी दोघांचं लग्न झालं, आणि एकतिसाव्या वर्षी हिने कॅमेऱ्याला रामराम केला.

नंतर तिचं नाव पुन्हा ऐकू आलं ते फुलांच्या रचनांसाठी.