घरची गोष्ट, हलक्या आवाजात

नमस्कार श्रोतेहो. आजचं गाणं, ‘स्लाय अँड द फॅमिली स्टोन’ या अमेरिकन बँडचं ‘फॅमिली अफेअर’, लागेल तेव्हा आवाज वाढवू नका. ते हळूच म्हटलंय.

आधी गोंगाट मात्र सांगायलाच हवा. ऑगस्ट 1969, अमेरिकेतला वुडस्टॉकचा संगीत महोत्सव, पहाटेचे साडेतीन. पेंगुळलेल्या गर्दीसमोर ‘स्लाय अँड द फॅमिली स्टोन’ येतात. ट्रम्पेट, सॅक्सोफोन, ऑर्गन, आणि बेस गिटारच्या तारांवर अंगठा हाणणारा लॅरी ग्रॅहम. बँडचा म्होरक्या स्लाय स्टोन ‘हायर’ म्हणून ओरडतो आणि अंधारातून गर्दी तेच ओरडून परत करते. सात जण, काळे-गोरे, बाया-बाप्ये एकत्र. त्या अमेरिकेत हे नुसतं दिसणंसुद्धा मोठं होतं. स्लाय मुळात आमच्याच बिरादरीतला बरं का! सॅन फ्रान्सिस्कोच्या केसोल रेडिओ स्टेशनवर निवेदक होता, काळ्यांच्या सोल संगीताच्या मधेच बीटल्स लावायचा.

नोव्हेंबर 1971मध्ये बँडची नवी तबकडी आली, ‘देअर्स अ रायट गोइन ऑन’. नाव दंगलीचं आणि आत सगळं दबक्या आवाजात. ड्रमर ग्रेग एरिको बँड सोडून गेला होता. त्याच्या जागी रिदम मशीन, घरी ऑर्गन वाजवणाऱ्यांना ठेक्यासाठी साथ देतं तसलं. स्लाय बरीचशी वाद्यं एकट्यानेच वाजवायचा, पुसायचा, पुन्हा वाजवायचा. तीच टेप इतकी घासली की तिची खरखर गाण्यात उतरली. घरी एकाच कॅसेटवर पुन्हापुन्हा गाणी भरलेल्यांना ती ओळखीची वाटेल. शीर्षकगीताची लांबी तर छापलीय शून्य मिनिटं, शून्य सेकंद!

हा साधेपणा त्याने जाणूनबुजून निवडला, असं कौतुकाने म्हणतात. मला ते अर्धंच पटतं. अमली पदार्थ होते, बँडमधली भांडणं होती. माणसं खोलीतून उठून गेली म्हणून आवाज कमी झाला, आणि स्लायने ती रिकामी जागा भरली नाही. त्याची कमाल मला तिथे वाटते.

याच तबकडीतलं ‘फॅमिली अफेअर’ बघा. गाणं घरातल्या माणसांबद्दल, बँडच्या नावातही घर, आणि घरातली सोबतीला फक्त रोज नावाची बहीण. इलेक्ट्रिक पियानोवर पाहुणा बिली प्रेस्टन, गिटारवर बॉबी वोमॅक. तरीही अमेरिकेच्या लोकप्रिय गाण्यांच्या यादीत ते पहिल्या क्रमांकावर गेलं.

स्लाय जून 2025मध्ये गेला, ब्याऐंशीव्या वर्षी.

आता ऐका. सुरुवातीलाच तो यंत्राचा टकटक ठेका येईल, मग प्रेस्टनचा पियानो. बहिणीचा आवाज स्लायच्या आधी येतो.